काळ थांबवणारं यंत्र लिहिताना: आधी सीमा आखा, मग बटणं

एका नवोदित कथालेखकाचा प्रश्न थोडक्यात असा आहे: “माझ्या नायिकेकडे मुठीत मावणारं एक यंत्र आहे. पहिलं बटण दाबलं की भोवतालचा काळ थांबतो आणि ती एकटी हिंडूफिरू शकते. दुसऱ्या बटणाने ती दहा मिनिटं मागे जाते, तिसऱ्याने हवी तितकी पुढे. विज्ञान जाणणाऱ्या वाचकालाही हे पटावं यासाठी काय पाळू? यंत्राला मर्यादा हवी हे कळतं, पण मी घातलेली प्रत्येक मर्यादा ओढूनताणून आणल्यासारखी वाटते. ती कुठून आणू?”

मी अचूक वेळमापनाच्या क्षेत्रात काम करते. सिझियम आणि रुबिडियमची अणुघड्याळं एकमेकांशी ताडून पाहणं, त्यांच्यातली तफावत नोंदवणं हे माझं रोजचं काम. फावल्या वेळात विज्ञानकथांची हस्तलिखितं वाचून अभिप्राय देते, आणि त्यांत कालयंत्रं पुष्कळ भेटतात. बहुतेक लेखक आधी बटणं ठरवतात, मग कथानक, आणि अगदी शेवटी कधीतरी यंत्र. मर्यादा ओढूनताणून आणल्यासारखी वाटते ती त्यामुळे. “बॅटरी फक्त तीनदाच पुरते” असं लिहिलं की वाचक लगेच विचारतो, चौथ्यांदा का नाही? आणि लेखकाकडे उत्तर नसतं.

माझा सल्ला एकच आहे, बाकी सगळं त्याचा विस्तार. बटण ठरवण्याआधी सीमा ठरवा. यंत्राचा परिणाम नेमका कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो? त्वचेवर? कपड्यांवर? हाताच्या अंतरावरच्या एखाद्या गोलावर? खोलीच्या भिंतींवर? ही रेष एकदा आखली की मर्यादा आपोआप बाहेर पडतात, त्या शोधाव्या लागत नाहीत.

असं का, ते माझ्या कामातूनच सांगते. काळ ही वस्तू आम्ही प्रयोगशाळेत कधीच पाहत नाही. पाहतो ती दोन घड्याळांमधली तफावत. एक सेकंद म्हणजे सिझियम-१३३ अणूच्या ठरावीक प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तनं, पण एकटं घड्याळ बरोबर आहे की चूक हे त्याचं त्याला सांगता येत नाही. शेजारी दुसरं लागतं. १९७१ साली जोसेफ हाफेले आणि रिचर्ड कीटिंग यांनी सिझियम घड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली. पूर्वेच्या दिशेने प्रदक्षिणा करून आलेली घड्याळं जमिनीवरच्यांपेक्षा सुमारे ५९ नॅनोसेकंद (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग) मागे पडली, पश्चिमेच्या दिशेने गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. विमानात बसलेल्या माणसाला काहीही जाणवलं नसणार. त्याच्या मनगटावरचं घड्याळ, त्याची नाडी, त्याचा श्वास सगळं एकाच चालीने चाललं होतं. फरक दिसला तो परत येऊन शेजारी शेजारी ठेवल्यावर.

उंची वाढली की घड्याळ जलद चालतं. २०१० साली ही गोष्ट फक्त ३३ सेंटिमीटर उंचीच्या फरकावर मोजली गेली, म्हणजे जिन्याच्या दोन पायऱ्या. २०२२ साली तोच परिणाम एका मिलिमीटरच्या आतल्या अंतरावर दिसला. सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवर फिरणाऱ्या जीपीएस उपग्रहांची घड्याळं उंचीमुळे दिवसाला सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि वेगामुळे सुमारे ७ मागे पडतात. निव्वळ ३८ मायक्रोसेकंदांची ही दुरुस्ती केली नाही, तर दिवसभरात सुमारे ११ किलोमीटरची चूक साचेल. अंतराळ स्थानकात सहा महिने राहून आलेला माणूस आपल्यापेक्षा चार-पाच मिलिसेकंदांनी कमी म्हातारा झालेला असतो.

तेव्हा तुमचं यंत्र “काळाला” काहीही करत नाही असं धरून चाला. ते सीमेच्या आतलं घड्याळ आणि बाहेरचं घड्याळ यांच्यातलं नातं बदलतं. आत असलेल्याला आतलं सगळं नेहमीसारखंच वाटतं. वेगळेपण दिसतं ते सीमा ओलांडून आत-बाहेर जाणाऱ्या गोष्टींत: प्रकाश, आवाज, हवा, उष्णता, स्पर्श. तुमच्या कथेचं विज्ञान या पाच गोष्टींत राहतं.

यंत्र “चालतं कसं” या प्रश्नावर फार शाई खर्च करू नका. आजच्या भौतिकशास्त्रात काळ मंद करण्याचे दोन मार्ग माहीत आहेत, प्रचंड वेग आणि प्रचंड वस्तुमान. वस्तुमानाच्या पोकळ गोलाकार कवचात बसलं, तर आत त्या कवचाचं ओढणं शून्य आणि तरीही काळ मंद, हा एक खरा आणि सुंदर निष्कर्ष आहे. पण एक मीटर त्रिज्येच्या कवचात काळ निम्म्याने मंद करायचा, तर कवचाचं वस्तुमान सुमारे ८५ पृथ्वींएवढं लागतं, म्हणजे जवळपास शनीएवढं. ते मुठीत मावत नाही. शिवाय वस्तुमानाने काळ फक्त मंदच होतो. दूरच्या घड्याळांपेक्षा तो जलद करायचा तर ऋण ऊर्जा हवी, आणि तशी ऊर्जा हवी तितकी साठवण्याची रीत कुणाला ठाऊक नाही. म्हणून इथे लेखकाने एक मुभा घ्यावी: “हे यंत्र आपल्या सीमेच्या आतली घड्याळाची चाल बदलू शकतं.” बस. ही एक अशक्य गोष्ट वाचक आनंदाने देतो. त्यानंतरची प्रत्येक गोष्ट मात्र हिशेबाला धरून हवी.

आता पहिलं बटण, कारण खरी गंमत त्यात आहे.

जग थांबवायचं तर सीमा जगाभोवती आखावी लागेल, आणि जगाला कड नाही. फक्त पृथ्वी थांबवली तरी सूर्याचा प्रकाश थांबत नाही. तो थांबलेल्या पृथ्वीवर येऊन ओतत राहील. त्यापेक्षा सीमा नायिकेभोवती आखा आणि तिचा काळ जलद करा. तिला जग थिजल्यासारखं दिसेल. किती पट जलद, हा आकडा कागदावर लिहून ठेवा. मी त्याला “पट” म्हणते.

समजा पट हजार आहे. तिचा एक सेकंद म्हणजे जगाचा एक हजारांश सेकंद. ती सावकाश चालते, सेकंदाला १.४ मीटर. जगाच्या घड्याळाने हाच वेग सेकंदाला १.४ किलोमीटर होतो, आणि हवेत आवाज जातो सेकंदाला सुमारे ३४० मीटर. म्हणजे ती आवाजाच्या चौपट वेगाने हवा कापत निघालीय. एवढ्या वेगाने समोरची हवा दबली की तिचं तापमान सुमारे हजार अंशांनी चढतं. तिने टेबलावरचा पेला हळूच उचलला, तर त्या पेल्यासाठी तो बंदुकीच्या गोळीचा आघात आहे. थांबलेल्या जगात कुणाच्या तरी गालावरून प्रेमाने हात फिरवणारी नायिका मी अनेक हस्तलिखितांत पाहिलीय. त्या हाताने तो माणूस मरतो.

प्रकाशाचं आणखी अवघड आहे. तिची घड्याळं हजारपट जलद चालत असल्यामुळे बाहेरून येणाऱ्या प्रकाशाची वारंवारता तिला हजारपट कमी भासते. ५०० नॅनोमीटरचा हिरवा प्रकाश तिच्यापाशी अर्ध्या मिलिमीटरच्या तरंगलांबीचा होऊन पोचतो, आणि तो कुठल्याच डोळ्याला दिसत नाही. भर दुपारी तिच्यासाठी काळोख पडतो. मग ती विजेरी लावते. आता उलट दिशेचा विचार करा: विजेरीचा ५०० नॅनोमीटरचा प्रकाश सीमेबाहेर पडताना अर्ध्या नॅनोमीटरचा होतो. ते क्ष-किरण आहेत. स्वस्थ बसलेला माणूस सुमारे शंभर वॅट उष्णता बाहेर टाकतो. तिच्या अंगाची ही ऊब प्रारण म्हणून सीमेपलीकडे जाताना दर सेकंदाला हजारपट जास्त फोटॉन (प्रकाशकण) आणि प्रत्येक फोटॉनची ऊर्जा हजारपट, अशी दशलक्षपट होते. शंभर वॅटचे शंभर मेगावॅट होतात. एक वीजकेंद्र रस्त्यावरून चालत चाललंय असं समजा.

हे वाचून घाबरू नका. हे बटण टाकून द्या असं मला म्हणायचं नाही. पट कमी करा, मग हेच नियम तुमच्या बाजूने काम करू लागतात.

पट दोन घ्या. तिला एका मिनिटाची दोन मिनिटं मिळतात. आवाज एक सप्तक खाली उतरतो. आपल्याला दिसणारा प्रकाश साधारण ४०० ते ७०० नॅनोमीटरचा. तो तिच्यापाशी ८०० ते १,४०० होऊन दृष्टीबाहेर जातो. त्याऐवजी तिला दिसतो तो सूर्याचा अतिनील प्रकाश. पण ३०० नॅनोमीटरच्या खालचा भाग ओझोन अडवतो, म्हणून मैदानात तिला जग गडद तांबड्या, मंद उजेडात दिसेल. खोलीत शिरली की खिडकीची काच उरलेल्या अतिनीलातलाही बराचसा भाग अडवते आणि एलईडी दिव्यांत तो जवळपास नसतोच. म्हणजे दिवे लावलेल्या खोलीत ती आंधळी. तुमच्या नायिकेची शक्ती उन्हात चालते आणि घरात शिरताच तिला अंधारात लोटते. ही मर्यादा तुम्ही घातलेली नाही, ती सीमेतून आलीय. बॅटरी तीनदाच पुरण्यापेक्षा ही किती तरी कसदार आहे, कारण तिच्यावर प्रसंग उभे राहतात. पाठलाग करणाऱ्याला हे कळलं की तो कुठे लपेल ते लिहून पाहा.

माझा स्वतःचा आवडता आकडा मात्र १.१५ आहे. जगाच्या एका मिनिटात तिला नऊ सेकंद जास्त मिळतात. वाचायला किरकोळ वाटतं, पण ज्याने धावत्या गाडीसमोरून कुणाला ओढलंय त्याला नऊ सेकंदांची किंमत विचारा. या पटीला तिला सगळं दिसतं, फक्त रंग सरकलेले. चौकातल्या सिग्नलचा हिरवा दिवा साधारण ५०५ नॅनोमीटरचा असतो. तिला तो ५८० च्या आसपास, म्हणजे पिवळा दिसेल. पिवळा ५९० वरून ६८० च्या जवळ जातो, म्हणजे लाल. लाल दिवा ६३० वरून ७२५ च्या आसपास सरकतो आणि जवळजवळ विझतो. गाणाऱ्याने सा लावला तर तिला तो कोमल निषादाच्याही किंचित खाली ऐकू येईल. ओळखीचा माणूस बोलला तर आवाज जरा जाड, जरा थकलेला. चेहऱ्यांवरची लाली ओसरलेली. यंत्र चालू आहे हे सांगायला निळा झोत किंवा घूं घूं आवाज लिहायची गरजच उरत नाही, सिग्नलचा दिवा सांगेल.

आता हवा आणि उष्णता, म्हणजे तुम्ही मागितलेली मर्यादा. सीमा अंगाला चिकटून असेल, तर श्वासाची हवा सीमेबाहेरून येते आणि मोठ्या पटीला ती येतच नाही. बाहेरचे रेणू तिच्या दृष्टीने जागेवर खिळलेले असतात. म्हणून थोडी हवा आत घ्या. दोन मीटर व्यासाचा गोल घेतला तर चार हजार लिटरहून थोडी जास्त हवा बसते. स्वस्थ माणूस मिनिटाला पाव लिटरच्या आसपास कार्बन डायऑक्साइड सोडतो. त्या हिशेबाने तो एक टक्क्यावर जायला सुमारे तीन तास लागतात. म्हणजे श्वासाची लगेच भीती नाही. पण उष्णता बघा. त्या गोलातली हवा जेमतेम पाच किलो. शंभर वॅट तिच्यात जात राहिले आणि बाहेर पडायला वाट नसली, तर दर मिनिटाला तापमान एक अंशाहून जास्त चढतं. घामाची वाफही आतच साठते. दहा मिनिटांत कोंदटलेपण, वीस मिनिटांत भोवळ, अर्ध्या तासात जीव धोक्यात. धावपळ केली तर शरीर तिप्पट-चौपट उष्णता टाकतं आणि हा वेळ तितकाच आक्रसतो.

आता यंत्राला मर्यादा आहे, तीही नायिकेच्या शरीरातून आलेली. स्वस्थ उभी राहिली तर जास्त वेळ, पळाली तर कमी. रडली, घाबरली तरी कमी. सीमा पूर्ण बंद आणि पट मोठी असेल तेव्हा हा हिशेब लागू. सीमेतून काय आणि किती पाझरतं ते तुम्ही ठरवा, पण एकदा ठरवलं की शेवटच्या पानापर्यंत बदलू नका.

तिसरं बटण, पुढे जाण्याचं, हे पहिल्याचंच उलटं रूप आहे. तिचा काळ मंद करा, जग भराभर पुढे जाईल. शास्त्राला याचं वावडं अजिबात नाही. अंतराळवीर हेच करून येतात, फक्त मिलिसेकंदांनी. धोका एवढाच की आता बाहेरचा प्रकाश तिच्यापाशी जास्त तीव्र होऊन येतो. पट वीस धरली तर साध्या खोलीतल्या भिंतींची ऊब, जी सुमारे १० मायक्रोमीटरच्या अवरक्त किरणांत असते, ती अर्ध्या मायक्रोमीटरवर येऊन डोळ्यांना दिसू लागते. भिंती उजळतात. पण वीसपट फोटॉन आणि प्रत्येकाची वीसपट ऊर्जा, म्हणजे तीव्रता चारशेपट. खोलीच्या तापमानाची भिंत प्रत्येक चौरस मीटरमागे सुमारे ४६० वॅट टाकत असते; चारशेने गुणा. अंधाऱ्या, थंड खोलीतसुद्धा ती भाजून निघेल. म्हणून पुढे जायचं तर तिला सगळं परतवून लावणारं, आरशासारखं कवच हवं, आणि आरशात बंद असताना तिला बाहेरचं काही दिसणार नाही. आंधळेपणाने पुढे जायचं आणि उघडेल तेव्हा समोर काय असेल ते असेल. कथेला याहून जास्त काय हवं?

मागे जाण्याच्या बटणावर मी लेखकांशी सगळ्यात जास्त भांडते.

पहिला प्रश्न नेहमी जागेचा येतो. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने फिरते. दहा मिनिटांत १८,००० किलोमीटर, तिच्या स्वतःच्या व्यासाहून जास्त. मग दहा मिनिटं मागे गेलेली नायिका पोकळीत का सापडत नाही? इथे पुष्कळ चतुर वाचक लेखकाला पकडतात, पण त्यांचा आक्षेप अर्धाच बरोबर आहे. “तीच जागा” असं विश्वात काही नसतं. कशाच्या संदर्भात तीच, हे सांगावंच लागतं. सूर्याचा संदर्भ धरावा असं कुठे लिहिलेलं नाही. यंत्राने आपल्याच मागच्या वाटेवरून परत जावं, असा नियम घ्या. जिथे यंत्र दहा मिनिटांपूर्वी होतं, तिथेच ते पोचतं. यातून आणखी एक नियम फुकट मिळतो: यंत्र पहिल्यांदा चालू झालं त्याच्या आधी कधीच जाता येत नाही. हा नियम मनचा नाही. १९८८ साली मॉरिस, थॉर्न आणि युर्टसेव्हर यांनी कृमिविवरापासून (वर्महोल, म्हणजे अवकाशातल्या दोन जागा जोडणारा काल्पनिक बोगदा) कालयंत्र कसं होऊ शकेल याचा जो विचार मांडला, त्यातही यंत्र बनण्याआधीच्या काळात शिरायला दार नाही. ज्यांच्यासाठी माणसं भूतकाळात जाऊ पाहतात ती गेलेली माणसं बहुधा यंत्राच्या आधीची असतात. ही खंत तुमच्या नायिकेला नक्की द्या.

दुसरा प्रश्न वस्तुमानाचा. सत्तर किलोची बाई दहा मिनिटं मागे गेली, तर त्या दहा मिनिटांत जगात तिच्या दोन प्रती आहेत. सत्तर किलो वस्तुमान कुठून आलं? ते ऊर्जेत मोजलं तर सुमारे ६.३ गुणिले १० चा १८ वा घात इतके ज्यूल, म्हणजे अंदाजे १,५०० मेगाटन टीएनटी. दहा मिनिटांनी हिशेब फिटतो हे खरं, पण उसनं दिलं कुणी?

म्हणून इथे सीमा वेगळी आखा असं मी सुचवते. शरीर मागे पाठवू नका, फक्त आठवण पाठवा. सीमा तिच्या डोक्यातून जाऊ द्या. सगळं जग दहा मिनिटं मागे सरकतं, तिचं शरीरही, पण मेंदूतली ताजी नोंद सीमेच्या आत टिकून राहते. आठवण टिकली नाही तर काही घडलंच नाही असं होईल. सगळं मागे गेलं आणि तीही विसरली, तर ती पुन्हा तेच करील. या मार्गात ऊर्जेचा प्रश्न जवळपास मिटतो. रॉल्फ लँडाउअर यांनी १९६१ साली दाखवलं की माहितीचा एक बिट पुसायला काही किमान ऊर्जा लागतेच. खोलीच्या तापमानाला ती इतकी कमी आहे की १० चा २० वा घात इतके बिट नव्याने लिहायचे म्हटले तरी अर्धा ज्यूलही लागत नाही. शरीराला १,५०० मेगाटन, आठवणीला एका उसाशाइतकंही नाही. आणि कथेच्या अंगाने पाहिलं तर ही बाई किती एकटी पडते! जे घडलं ते फक्त तिला आठवतं. हातावरची जखमही पुरावा म्हणून मागे राहत नाही.

विरोधाभासांबद्दल थोडंच सांगते, कारण त्यावर गरजेपेक्षा जास्त लिहिलं जातं. गणिती कुर्ट गोडेलने १९४९ साली सापेक्षतेच्या समीकरणांतून भूतकाळाकडे वळणाऱ्या वाटा काढून दाखवल्या. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ साली निसर्गच अशा वाटा मोडून टाकत असावा असं अनुमान मांडलं. भौतिकशास्त्रज्ञ नोव्हिकोव्ह म्हणतात, घडेल ते स्वतःशी सुसंगतच घडेल. भौतिकशास्त्रज्ञ एव्हरेटच्या १९५७ च्या मांडणीवर, म्हणजे प्रत्येक शक्यता जगाच्या वेगळ्या फांदीवर घडते या कल्पनेवर, उभं राहून तुम्ही म्हणू शकता की ती दुसऱ्याच फांदीवर उतरते. यांतला एक निवडा आणि दुसऱ्याच्या दारात जाऊ नका. आठवणीचा मार्ग घेतलात तर फांद्या बरोबर बसतात. पण मग हेही मान्य करा की मागच्या फांदीवर कुणीतरी तिची वाट पाहत राहिलं असेल.

आता यंत्र स्वतः. हातात धरता येणारी, काळाशी संबंध असलेली वस्तू माणसाने खरोखर केलीय, आणि तिच्यापासून खूप शिकता येतं. अठराव्या शतकातल्या जॉन हॅरिसन या इंग्रज घड्याळजीचं चौथं समुद्री घड्याळ सुमारे १३ सेंटिमीटर व्यासाचं होतं. १७६१ साली ते जहाजातून जमैकाला निघालं, आणि ८१ दिवसांनी, त्याच्या रोजच्या ठरलेल्या चुकीची वजाबाकी केल्यावर, फक्त पाच सेकंदांनी मागे होतं. “रोजच्या ठरलेल्या चुकीची वजाबाकी” हे शब्द पुन्हा वाचा. आमच्या कामाचं मर्म त्यात आहे. घड्याळ मागे पडतं याचं आम्हाला काही वाटत नाही, ते रोज सारखंच मागे पडलं पाहिजे. तुमच्या यंत्रालाही अशी एक माहीत असलेली खोड द्या: दहा मिनिटं मागितली की नऊ मिनिटं बावन्न सेकंदच देतं, दर वेळी. नायिकेने ती पाठ केलेली असेल. आणि एक दिवस ते नऊ मिनिटं चाळीस सेकंद देईल, तेव्हा वाचकाच्या पोटात गोळा येईल.

आज काडेपेटीएवढ्या आकाराची, ३५ ग्रॅमची, एक अष्टमांश वॅटहून कमी विजेवर चालणारी अणुघड्याळं मिळतात. तेव्हा यंत्रात दोन अणुघड्याळं आहेत असं तुम्ही निःशंक लिहा: एक सीमेच्या आत राहणारं, एक बाहेरच्या जगाशी जुळलेलं. दोन आकडे, आणि त्यांच्याखाली तिसरा, दोघांतला फरक. तो फरक म्हणजे तिने जगापेक्षा जास्त जगलेलं आयुष्य. थांबलेल्या काळातली रोज दोनशे मिनिटं धरली, तर वर्षाला पन्नास दिवसांहून जास्त. तिला जुळी बहीण असेल तर काही वर्षांनी लोक विचारू लागतील, मोठी कोण?

बटण दाबून सोडण्याचं ठेवू नका, धरून ठेवण्याचं ठेवा. उष्णतेने तिला भोवळ आली की बोट सुटेल आणि सीमा मोडेल. यंत्र बनवणारा शहाणा असेल तर हे त्याला सुचलंच असतं, आणि वाचकालाही ते जाणवतं.

शेवटी बिघाडाबद्दल. एकदा आम्ही चालू स्थितीतलं सिझियम घड्याळ गाडीतून एका प्रयोगशाळेतून दुसरीकडे नेत होतो, तिथल्या घड्याळाशी ताडायला. वाटेत कुठल्याशा खड्ड्यात बॅटरीची जोडणी क्षणभर सुटली आणि पुन्हा बसली. पोचलो तेव्हा पडद्यावर आकडे नीट चालू होते. दिसायला काहीच बिघडलेलं नव्हतं, सेकंद अगदी बरोबर पडत होता. पण मूळ घड्याळाशी असलेला धागा तुटला होता. आता ते कुठून मोजतंय हे कुणालाच सांगता येत नव्हतं. मला त्या संध्याकाळी फार वाईट वाटलं, कारण चुकीचा आकडा दुरुस्त करता येतो, धागा मात्र पुन्हा जोडता येत नाही. आमच्यापाशी उरली होती ती फक्त कागदी वही, तिच्यात दर तासाला हाताने लिहिलेली तफावत, शेवटची नोंद खड्ड्याच्या चाळीस मिनिटं आधीची.

तुमच्या नायिकेचं यंत्र बिघडवायचं असेल तर त्याचा स्फोट करू नका. ते एक क्षण बंद पडून पुन्हा चालू होऊ द्या. तिन्ही आकडे झळकत राहतील, आणि तिसरा शून्यापासून मोजू लागलेला असेल. तिच्या पिशवीत एक वही असू द्या, पहिल्या पानापासून ठेवलेली.